‘तू तेव्हा हो म्हणाली होतीस’ : आईची एक पोस्ट आणि अकरा वर्षांची मुलगी

हे प्रकरण चर्चेसाठी रचलेलं आहे. यातलं कुटुंब खरं नाही, म्हणून कुणाला नावंही दिलेली नाहीत. कायदे, न्यायालयाचा निकाल आणि वैद्यकीय माहिती मात्र खरी आहे.

मुलांचे फोटो ऑनलाइन टाकावेत की नाही यावर बोलायला बसलं की गाडी लगेच अनोळखी माणसांच्या भीतीवर जाते. ती भीती खोटी नाही, पण तिच्या आड घरातला प्रश्न झाकला जातो. या प्रकरणात वाईट हेतूचं मोठं माणूस एकही नाही. ज्या पोस्टवरून सगळं घडलं ती पोस्टही वाईट नव्हती. खरं तर ती त्या खात्यावरची सगळ्यांत उपयोगी पोस्ट होती.

काय घडलं

मुलीच्या जन्मानंतर काही आठवड्यांत आईने इन्स्टाग्रामवर खातं उघडलं. सुरुवातीला बघणारे म्हणजे घरचे लोक आणि जुन्या मैत्रिणी. दर महिन्याला त्याच दुपट्यावर, शेजारी आकडा ठेवून काढलेला फोटो, पहिलं पाऊल, पहिला पडलेला दात. आई नोकरी सोडून घरी होती आणि दिवसभर बोलायला मोठं माणूस नव्हतं. या खात्यावर तिला तिच्यासारख्याच रात्र रात्र जागणाऱ्या बायका भेटल्या. बाळ दूध पीत नाही, आपल्यालाच सारखं रडू येतं, असलं बोलायला दुसरी जागा नव्हती. ‘फोटो टाकायची हौस’ म्हणून हा भाग उडवून लावणाऱ्यांनी इथे जरा थांबावं. तिला त्या खात्याने त्या दिवसांत खरोखर सावरलं होतं.

मुलगी सात वर्षांची झाली तरी रात्री अंथरूण ओलं व्हायचं. आई डॉक्टरांना भेटली, वाचलं, आणि एक दिवस मोठी पोस्ट लिहिली. तिने लिहिलेलं बरोबर होतं: पाच वर्षांच्या शंभर मुलांमागे साधारण पंधरा मुलांना हा त्रास असतो आणि सातव्या वर्षीही पाच ते दहा मुलांना तो राहतो. मूल हे मुद्दाम करत नाही. झोप गाढ असते, मूत्राशय भरल्याची खूण मेंदूपर्यंत पोचून जाग येत नाही, काही मुलांत रात्री लघवी कमी करणारं संप्रेरक पुरेसं तयार होत नाही. यातली बरीच मुलं काही न करताही वर्षागणिक बरी होत जातात. ओरडल्याने, लाजवल्याने त्रास कमी होत नाही, वाढतो. ओलाव्याची चाहूल लागताच वाजणारा अलार्म आणि काही मुलांसाठी औषध, हे उपाय आहेत. शेवटी तिने लिहिलं होतं की आमच्या घरी सकाळी ओली चादर निघाली तर आम्ही ती गुपचूप बदलतो आणि कामाला लागतो.

सोबत फोटो होता. मुलगी झोपलेली, तोंड उघडं, केस विस्कटलेले, चेहरा स्पष्ट. मागे खिडकीशी उभी करून ठेवलेली गादी. फोटोखाली मुलीचं घरातलं लाडकं नाव.

पोस्ट खूप पसरली. ‘आज पहिल्यांदा मुलाला ओरडले नाही’ अशा प्रतिक्रिया आल्या. काही महिन्यांनी पाणी न शोषणारी चादर बनवणाऱ्या एका कंपनीने आईला पैसे देऊन तसाच एक व्हिडिओ करून घेतला. त्यात मुलगी पलंगावर उड्या मारते आणि चादरीवर ग्लासभर पाणी ओतते. त्याला तीन वर्षं उलटली. मुलीचा त्रास आठव्या वर्षीच थांबला होता. घरात कुणाला ती पोस्ट आठवतही नव्हती.

मुलगी अकरा वर्षांची असताना वर्गातल्या एका मुलाने ती पोस्ट पाहिली. त्याने ती शोधून काढली नव्हती. त्याच्या धाकट्या भावाला हाच त्रास होता आणि त्या मुलाच्या आईने ती पोस्ट फोनमध्ये जपून ठेवली होती. झोपलेल्या चेहऱ्याचा तुकडा कापून, वर ‘गादी वाळली का?’ असं लिहून त्याने स्टिकर केला आणि वर्गातल्या मुलांच्या ग्रुपवर टाकला. (ग्रुप ज्या मेसेजिंग ॲपवर होता, ते वापरायला किमान तेरा वर्षं पूर्ण लागत होती. वर्गातल्या कुणालाच तेरावं लागलेलं नव्हतं. ग्रुप आयांच्या जुन्या फोनवर चालत होता.) स्टिकरची गंमत अशी की तो टाकायला शब्द लागत नाहीत. गृहपाठ विचारला तरी स्टिकर, शुभेच्छा दिल्या तरी स्टिकर.

मुलीने घरी काही सांगितलं नाही. शाळेची दोन रात्रींची सहल होती, त्या सकाळी तिचं पोट दुखलं. नंतर मैत्रिणीकडे राहायला जायचं ठरलं, तेव्हाही दुखलं. सांगितलं ते मावशीला, तेही अट घालून, ‘आईला सांगू नकोस. तिला वाईट वाटेल.’ मावशीने दोन दिवस शब्द पाळला आणि मग बहिणीला फोन केला.

कोण काय म्हणालं

आईचं पहिलं वाक्य होतं, “पण यात लाजण्यासारखं काय आहे? हेच तर मी लिहिलं होतं!” आणि दुसरं, “मी तुला विचारलं होतं. तू तेव्हा हो म्हणाली होतीस.”

मुलगी म्हणाली, “मला वाटलं आजी आणि मावशी बघतील.”

बाबांनी सांगितलं, आजच्या आज खातं बंद कर. मी आधीपासून म्हणत होतो. (ते म्हणत नव्हते. प्रत्येक फोटोला पहिली पसंती त्यांचीच असायची.) आजीचं मत पडलं की मुलं चिडवतातच, आठ दिवसांत विसरतील, आपण एवढं डोक्यावर घ्यायचं नाही. नातीचे सगळे फोटो आजीने स्वतःच्या फेसबुकवरही लावले होते, हे या बोलण्यात निघालं. मावशीचं म्हणणं वेगळं होतं, “आधी तिला विचारा ना तिला काय हवंय. तुम्ही आपसातच भांडताय.”

आईचं पहिलं वाक्य मला बचावाचं वाटत नाही. त्यात एक विचार आहे. एखाद्या गोष्टीभोवतीची लाज घालवायची असेल तर कुणीतरी उघड बोलावं लागतं. मासिक पाळी, मानसिक आजार, वंध्यत्व, सगळ्या बाबतीत हेच झालं आहे. जे उघड बोलले त्यांनी थोडं सोसलं आणि मागून येणाऱ्यांची वाट सोपी झाली. पण ते स्वतःबद्दल बोलले होते. इथे धाडस आईचं होतं आणि अंथरूण मुलीचं. समाजाने लाजू नये हे आईचं म्हणणं शंभर टक्के खरं आहे, तरीही त्या सुधारणेचा खर्च कुणाच्या खात्यातून जायचा हे तिने एकटीने ठरवलं. पाचवी-सहावीचा वर्ग तिने म्हटलं म्हणून लाजायचं सोडणार नव्हता.

सातव्या वर्षीचा होकार

आईने विचारलं होतं, हे खरं आहे. बरेच पालक तेवढंही करत नाहीत. म्हणून तो होकार नीट तपासायला हवा.

सात वर्षांच्या मुलाला ‘हा फोटो टाकू का?’ असं विचारलं की त्याला प्रश्नातला फोटो कळतो. ‘टाकणं’ कळत नाही. त्याच्या डोळ्यांसमोर बघणारे म्हणजे ज्यांची नावं त्याला ठाऊक आहेत ती माणसं. चार वर्षांनी आपण कुठल्या वर्गात असू, तिथे कोण असेल, हे त्याला दिसत नाही. ते मोठ्यांनाही दिसत नाही, पण मोठ्यांना निदान ‘पुढे’ नावाची गोष्ट असते हे माहीत असतं. शिवाय विचारणारी आई असते. तिचा चेहरा उत्सुक आहे, तिला ‘हो’ हवं आहे, हे सात वर्षांचं मूल शब्दांच्या आधी ओळखतं. नाही म्हटलं तर काय होईल, हे या मुलीने कधी अनुभवलंच नव्हतं. तोवर कुठल्याच पोस्टला तिने नकार दिल्याचं कुणाला आठवत नाही. जिथे नकार कधी ऐकूच आला नाही तिथल्या होकाराला फार किंमत देता येत नाही.

आता उलट बाजू. मुलांच्या वतीने आपण रोज हजार निर्णय घेतो. लस टोचताना, शाळा निवडताना, घर बदलताना कुठे त्यांचा होकार घेतो? खरं आहे. पण लस मुलाच्या भल्यासाठी असते आणि शाळा पुढे बदलता येते. तत्त्वज्ञ जोएल फाइनबर्ग यांनी १९८० मध्ये मांडलेला एक विचार इथे कामाला येतो. काही हक्क असे असतात की मूल आज ते वापरू शकत नाही, म्हणून मोठं होईपर्यंत ते त्याच्यासाठी राखून ठेवायचे. आज आपण अशी कृती केली की पुढे निवड करायला काही उरतच नाही, तर तो हक्क मुलाने वापरण्याआधीच आपण मोडला. आपल्या लहानपणातलं कुणाला किती सांगायचं, ही अशीच निवड आहे. मोठी झाल्यावर मुलीने एखाद्या जिवलग मैत्रिणीला हसत सांगितलं असतं, ‘अगं, मी सातव्या वर्षापर्यंत...’ किंवा कधीच सांगितलं नसतं. दोन्ही तिचं होतं.

गाळलेली ओळ

या प्रकरणातला माझ्या मते सगळ्यांत महत्त्वाचा तपशील मावशीच्या बोलण्यातून बाहेर आला. त्या काळी बहिणीने तिला पोस्टचा पहिला खर्डा वाचायला पाठवला होता. त्यात एक ओळ होती. हा त्रास बऱ्याचदा घराण्यातून येतो, आई किंवा वडील यांच्यापैकी एकाला लहानपणी झाला असेल तर मुलाला होण्याची शक्यता बरीच वाढते, आणि ‘हिच्या बाबांनाही नवव्या वर्षापर्यंत होता’.

छापलेल्या पोस्टमध्ये ती ओळ नाही. बाबांनी वाचून म्हटलं होतं, “माझं नको गं लिहूस. ऑफिसातले लोक वाचतात.” आईने ती ओळ तिथल्या तिथे काढली. का, कशाला, त्यात लाजण्यासारखं काय, असं काहीच विचारलं नाही. चाळिशीच्या माणसाच्या तीस वर्षांपूर्वीच्या ओल्या चादरीला तत्काळ आडोसा मिळाला. सात वर्षांच्या मुलीची आजची चादर चेहऱ्यासकट बाहेर गेली.

आई दुष्ट नाही, बाबाही नाहीत. पण एकाच घरात, एकाच संध्याकाळी, एकाच त्रासाबद्दल दोन मापं वापरली गेली आणि कुणाच्या लक्षातही आलं नाही. मोठ्या माणसाला वर्तुळ असतं, पत असते, उद्या ऑफिसात जायचं असतं, हे आपल्याला न सांगता कळतं. मुलालाही उद्या वर्गात जायचं असतं. वर्गातून राजीनामा देता येत नाही, बदली मागता येत नाही.

गटचर्चेत मी लोकांना एवढंच विचारते: हीच पोस्ट, याच फोटोसह, तुम्ही तुमच्या जोडीदाराबद्दल, सासऱ्यांबद्दल, भावाबद्दल न विचारता टाकाल का? बहुतेक जण हसतात. मग कुणीतरी म्हणतं, ‘पण मूल आपलं असतं ना.’ चर्चा खरी तिथून सुरू होते.

कायदा कुठवर पोचतो

थोडक्यात सांगायचं तर, अर्ध्या रस्त्यापर्यंत.

संयुक्त राष्ट्रांच्या १९८९ च्या बालहक्क करारातलं सोळावं कलम मुलाच्या खासगी आयुष्यात आणि प्रतिष्ठेत मनमानी ढवळाढवळ होऊ नये असं म्हणतं. बारावं कलम मुलाला स्वतःशी संबंधित बाबींत मत मांडण्याचा आणि त्याचं वय व समज पाहून त्या मताला वजन मिळण्याचा हक्क देतं. कराराची अंमलबजावणी पाहणाऱ्या समितीने २०२१ मध्ये डिजिटल जगाविषयी काढलेल्या टिपणात, मुलांच्या खासगीपणाला धोका घरच्यांकडूनही येऊ शकतो असं सांगताना आई-वडिलांनी फोटो ऑनलाइन टाकण्याचंच उदाहरण दिलं आहे.

प्रत्यक्ष कायदे मात्र बहुतेक एकाच साच्याचे आहेत. मुलाची माहिती गोळा करणाऱ्या कंपनीला अडवायचं आणि परवानगीची किल्ली पालकाच्या हाती द्यायची. अमेरिकेचा १९९८ चा कायदा तेरा वर्षांखालच्या मुलांसाठी हेच करतो. भारताचा २०२३ चा वैयक्तिक डेटा संरक्षण कायदा अठरा वर्षांखालच्या प्रत्येकासाठी पालकांची पडताळता येण्याजोगी संमती मागतो आणि घरगुती वापराला मोकळं सोडतो. साचा चांगला आहे, फक्त त्यात एक गृहीत धरलेलं आहे, की पालक राखणदार आहे. इथे राखणदारानेच माहिती बाहेर नेली. कुंपणाने शेत खाल्लं ही म्हण या आईसाठी फार कडू आहे, पण कायद्याच्या नजरेतून रचना तीच दिसते.

दोन ठिकाणी याच्या पुढे पाऊल पडलं आहे. फ्रान्सने फेब्रुवारी २०२४ मध्ये कायदा करून मुलाच्या खासगीपणाची काळजी घेणं हे पालकत्वाच्या जबाबदारीतच घातलं. मुलाच्या छबीचा हक्क दोन्ही पालकांनी मिळून जपायचा, वय आणि समजेनुसार मुलाला निर्णयात सामील करायचं, आणि पालकांचं पटलं नाही तर एकाने दुसऱ्याच्या संमतीशिवाय काही टाकू नये असा आदेश न्यायाधीश देऊ शकतात. नेदरलँड्समध्ये मे २०२० मध्ये एका आईने स्वतःच्या आईला कोर्टात खेचलं, कारण आजी नातवंडांचे फोटो फेसबुक आणि पिंटरेस्टवरून काढायला तयार नव्हती. युरोपच्या डेटा संरक्षण नियमांत घरगुती वापराला सूट आहे. पण उघड्या माध्यमावर टाकलेला फोटो कोण पाहील, कुठे जाईल, हे सांगता येत नाही, तेव्हा ही सूट लागू होते असं मानता येणार नाही, असं कोर्टाने धरलं आणि फोटो काढायला लावले. न काढल्यास दिवसाला ५० युरो दंड, कमाल १,००० युरो.

आमच्या प्रकरणातल्या आजीला मावशीने हा निकाल वाचून दाखवला. आजी म्हणाली, “कोर्टात जाण्यासारखं माझं काय चुकलं?” फोटो तिने दुसऱ्या दिवशी काढले. निकालामुळे नाही, नात स्वतः येऊन बोलली म्हणून. कायदा माहीत असावा, पण घरात तो फेकून मारला की माणसं बाजू घेऊन बसतात आणि मूल मधे राहतं.

चादरीचे पैसे

पैशांचा मुद्दा लोक उगाच टाळतात. पलंगावर उड्या मारणं हे त्या दिवशी मुलीसाठी खेळ होतं, कंपनीसाठी जाहिरात आणि आईसाठी कमाई. सिनेमातल्या मुलांबाबत जगाला हे फार पूर्वी कळलं. बालनट जॅकी कूगनने मोठेपणी पाहिलं की त्याची लहानपणीची कमाई घरच्यांनी जवळपास संपवली आहे, आणि त्यातून १९३९ मध्ये कॅलिफोर्नियात मुलांच्या मिळकतीचा काही भाग राखून ठेवण्याचा कायदा आला. घरच्या व्हिडिओंना तो विचार लागू व्हायला पुढची ऐंशीहून अधिक वर्षं गेली. अमेरिकेच्या इलिनॉय राज्यात १ जुलै २०२४ पासून, सोळा वर्षांखालचं मूल कमाईच्या व्हिडिओंत ठरावीक प्रमाणात दिसत असेल तर त्याचा वाटा वेगळा काढावा लागतो. मिनेसोटाने १ जुलै २०२५ पासून चौदा वर्षांखालच्या मुलांना असं काम करायला लावण्यावरच बंदी आणली.

या आईने चादरीचे पैसे घरखर्चात घातले. रक्कम मोठी नव्हती. तरी कुणाच्या दुखण्यावर कोण कमावलं हा हिशेब राहतोच, आणि तो मुलीने मांडायच्या आधी पालकांनी मांडलेला बरा. त्यांनी तेवढी रक्कम मुलीच्या नावे टाकली. त्याने काही भरून येत नाही, पण निदान प्रश्न होता हे कबूल झालं.

अनोळखी लोक

या घराला अनोळखी माणसाने इजा केली नाही, म्हणून इथे आटोपतं घेते. निरागस फोटो उचलून घाणेरड्या कामाला वापरले जातात, आणि आता यंत्राला एका चेहऱ्यावरून नवी चित्रं बनवता येतात. ह्यूमन राइट्स वॉच या संस्थेने जून २०२४ मध्ये दाखवलं की चित्रं बनवणाऱ्या प्रणाली शिकवायला वापरलेल्या ‘लायन-५बी’ या संग्रहात ब्राझीलच्या खऱ्या मुलांचे फोटो होते. संग्रहाचा अगदी नगण्य अंश तपासला तरी १७० सापडले, काहींसोबत नाव आणि ठिकाण कळेल अशी माहिती होती. त्यांतले काही मोजक्या लोकांसाठी टाकलेले घरगुती फोटो होते.

एक बारीक सूचना, कारण ती नेहमी चुकते. फोटोतलं ठिकाण लपवायला लोक लोकेशन बंद करतात, आणि मोठी समाजमाध्यमं अपलोड करताना फोटोत दडलेली ती माहिती लोकांसमोर ठेवतही नाहीत. पण गणवेशावरचं चिन्ह, दारावरची पाटी, दर मंगळवारी त्याच वेळी त्याच मैदानातला फोटो, हे सगळं चित्रातच असतं. ते कुठलीही सेटिंग पुसत नाही.

मग काय केलं

बाबांचं म्हणणं होतं सगळं उडवा. आईचं, फक्त ती पोस्ट आणि चादरीचा व्हिडिओ काढते. दोघांनीही मुलीला धरून विचार केला होता, पण तिला न विचारता. शेवटी मावशीचं ऐकलं गेलं. आईने खातं तात्पुरतं खासगी केलं, आणि एका रविवारी आई आणि मुलगी फोन घेऊन बसल्या. पहिल्या फोटोपासून. नियम एकच होता: मुलीने कारण सांगायचं नाही आणि आईने विचारायचं नाही.

आईचे अंदाज धडाधड चुकत गेले. चिखलात लोळून आलेला, नाकात माती असलेला फोटो आता जाणार असं तिला वाटलं, तो मुलीने ठेवला, वर म्हणाली, “हा मस्तय.” रडतानाचा एक राहिला, एक गेला. वाढदिवसाचा, नवा फ्रॉक घातलेला, आईच्या मते सगळ्यांत गोड फोटो मुलीने बघताक्षणी काढायला लावला. आईने तोंड उघडलं आणि मिटलं. (कारण पुढे कधीतरी कळलं: शेजारी उभी असलेली मैत्रीण आता मैत्रीण नव्हती.) मधेच मुलीने विचारलं, “हे सगळं तू लिहायचीस तेव्हा मी झोपलेली असायचे?” आई हो म्हणाली.

पालक म्हणतात, लाजिरवाणं काही टाकत नाही, गोडच टाकतो. काय लाजिरवाणं आणि काय गोड, हे बाहेरून ठरत नाही, हे त्या दुपारी फोनवर बोट फिरवताना दिसलं. सुमारे एक तृतीयांश फोटो गेले. खातं राहिलं.

पुसण्याचं काम वाटतं त्यापेक्षा किचकट निघालं. इन्स्टाग्रामवर काढलेली पोस्ट काही दिवस ‘अलीकडे काढलेलं’ या कप्प्यात राहते, तिथूनही उडवावी लागते. इतर पालकांच्या तीन पानांनी ती पोस्ट उचलून लावली होती. दोघांनी विनंतीवर काढली, तिसऱ्याचं उत्तर आलं नाही, तिथे तक्रार नोंदवली. गूगलने ऑक्टोबर २०२१ पासून अठरा वर्षांखालच्या व्यक्तीचा फोटो शोधनिकालांतून काढण्याची विनंती करायची सोय दिली आहे, तीही वापरली. ती वापरली तरी मूळ पानावर फोटो तसाच असतो, फक्त शोधात दिसत नाही. चादरीच्या कंपनीने करार काढून दाखवला: व्हिडिओ वापरायचा हक्क पाच वर्षांचा, सही आईची. बऱ्याच पत्रव्यवहारानंतर त्यांनी तो उतरवला. उतरवायला ते बांधील नव्हते.

स्टिकरला मात्र इलाज नव्हता. तो मुलांच्या फोनमध्ये बसला होता. वर्गशिक्षिकेने इथे शहाणपणा केला. तिने वर्गात भाषण दिलं नाही. तसं केलं असतं तर ज्यांना माहीत नव्हतं त्यांनाही कळलं असतं. स्टिकर करणाऱ्या मुलाशी आणि त्याच्या आईशी ती वेगळी बोलली. त्या आईला धक्का बसला, कारण तिच्या धाकट्यासाठी त्या पोस्टने खूप केलं होतं. धाकट्याचं नाव निघेल या भीतीने मोठा मुलगा गप्प झाला असावा. पश्चात्ताप किती, हे कुणाला कळणार?

पोस्टचं पुढे काय

आईला एक गोष्ट सोडवत नव्हती. पोस्ट गेली तर ज्या आयांना तिचा आधार होता त्यांचं काय? प्रश्न प्रामाणिक आहे. उत्तरही फार अवघड नाही. त्या पोस्टमधलं उपयोगी सगळं, म्हणजे आकडे, कारणं, अलार्म, न ओरडण्याचा सल्ला, मुलीशिवाय तसंच्या तसं उभं राहतं. झोपलेल्या चेहऱ्याने त्यात माहितीची भर घातली नव्हती. ओढ घातली होती. लोक थांबले ते चेहरा पाहून, हे आईने मान्य केलं. नव्याने लिहिलं तर तेवढे वाचक मिळणार नाहीत, हेही. मी इथे आईला दिलासा देणार नाही: चेहरा काढला की पोहोच घटते, आणि ती घट पालकांनी सोसायची असते.

नवी पोस्ट शेवटी बाबांच्या बोलण्यातून झाली. नवव्या वर्षापर्यंत अंथरूण ओलं व्हायचं, एका लग्नघरी रात्रभर जागे राहिलो होतो, हे त्यांनी स्वतःच्या नावाने लिहून दिलं. त्यांना ते जड गेलं. दोन वेळा ‘उद्या टाकू’ झालं. टाकण्याआधी मुलीला वाचायला दिलं, कारण बाबांबद्दल वाचून लोक तिच्याकडे बोट दाखवू शकतात. तिने एक वाक्य काढायला सांगितलं, ते काढलं. पहिल्या पोस्टच्या मानाने ही फारच थोड्या लोकांनी वाचली.

मुलगी पुढच्या सहलीला गेली नाही. त्याच्या पुढच्या एका रात्रीच्या शिबिराला गेली, फोन न घेता. आईशी ती आता काही गोष्टी बोलण्याआधी विचारते, “हे लिहिणार नाहीस ना?” आई नाही म्हणते. तरी ती विचारतेच.

घरात धाकटा भाऊ आहे, चार वर्षांचा. खात्यावर आता त्याचेच फोटो जास्त होते, कारण मुलगी मोठी होत गेली तशी कॅमेऱ्यापुढून सरकत गेली होती. बाबा म्हणतात, तो दहा वर्षांचा होईपर्यंत काहीच नाही. आई म्हणते, पाठमोरा, नाव नाही, आणि आजारपण, शू-शी, रडणं, मार्क यांपैकी काही नाही, एवढं चालायला हवं, नाहीतर मी लिहायचं तरी काय. यावर त्यांचं अजून एकमत झालेलं नाही. दरम्यान मुलीने भावाचा एक व्हिडिओ काढला आहे. त्यात तो चष्मा उलटा घालून आजीची नक्कल करतो. तो आईच्या खात्यावर टाकायचा तिचा हट्ट आहे, कारण तो फारच भारी झालाय. आजीची हरकत नाही. व्हिडिओ सध्या घरच्या ग्रुपवर आहे.